कोपरा कापलेला पासपोर्ट

खडकीच्या कोर्टावर सकाळी पावणेसहाला
ओव्हाळ मॅडम आधी झाडू मारतात.
कडुनिंबाची पानं, कुणाच्या तरी वाढदिवसाच्या केकचा पुठ्ठा.
थ्री पॉइंटच्या रेषेवर झोपलेल्या कुत्र्याला मात्र
त्या उठवत नाहीत.
म्हणतात, याच्यावरून पास द्या,
खाली पडला तर तो सांगेलच.

आम्ही चौदा जणी.
धड बूट सात जणींचे.

त्या भारताकडून खेळल्या होत्या
हे आम्हाला गेटवरच्या मुदलियार काकांनी सांगितलं.
त्यांना विचारलं, तर म्हणाल्या,
"खेळले कसली, बसले.
कोलंबोत बसले, तैपेईत बसले,
ताश्कंदला तर इतकी थंडी,
की बसणं हाच व्यायाम."
आणि शिट्टी वाजवली,
म्हणजे विषय संपला.

गेल्या गुरुवारी माझ्या पासपोर्टसाठी
त्याच आल्या माझ्याबरोबर मुंढव्याला.
आईला सुट्टी मिळेना,
बाबांना कॅम्प म्हणजे काय तेच कळेना.
रांगेत मॅडमनी पिशवीतून
दुधाच्या पिशवीत गुंडाळलेलं काहीतरी काढलं :
त्यांचा जुना पासपोर्ट, कोपरा कापलेला.
कुणी मागितला नव्हता.
फोटोत दोन वेण्या, घट्ट, वर बांधलेल्या,
आणि रागावल्यासारखा चेहरा.
(कोपरा का कापतात, मी विचारलं.
"संपला म्हणून सांगायला. गाईच्या कानाला बिल्ला मारतात ना, तसं काहीतरी.")

"हे क्वालालंपूर. इथे मी उतरले.
एक मिनिट अठ्ठेचाळीस सेकंद उरलेले,
आपण एकतीसने मागे.
एवढ्या मागे असलं की सगळ्यांना उतरवतात.
अंगावर चौदा नंबर, आणि तोंडात कापूस.
बेसलाइनवरून गेले, डाव्या हाताने टाकला.
माझा डावा हात, जो जेवतानाही मांडीवर असतो.
गेला आत.
स्कोअरशीटवर त्यांनी आडनाव लिहिलं ओव्हल.
ते दोन गुण अजून
त्या ओव्हलच्या नावावर आहेत."

आमच्या मागचा माणूसही ऐकत होता.
त्याने विचारलं, मग पुढे?
पुढे रेल्वेने नोकरी दिली, पार्सल ऑफिसात.
गुडघा गेला तो मॅचमध्ये नव्हे,
ऑफिसच्या जिन्यावर, हातात आंब्याच्या पेट्यांची पावती असताना.
"हे कुणाला सांगायचं?
लोकांना वाटतं, कोरियाच्या सेंटरने पाडलं असेल.
मी नाही म्हणत नाही."

मग पटियाला, डिप्लोमा.
मग ही झाडू, ही शिट्टी, या आम्ही.
शेवटच्या पानावर एकच शिक्का, पुसट :
अम्मान. सोळा वर्षांखालच्या मुली.
मॅडम प्रशिक्षक.
पाच मॅच, चार हरलो.
"आणि एक जिंकलो?"
"एक पावसाने... नाही, इनडोअर होतं.
एक जिंकलो."
पासपोर्ट मिटला त्यांनी,
परत दुधाच्या पिशवीत.

माझा टोकन नंबर लागला.
दारातून त्या ओरडल्या, सगळी रांग वळली :
"आडनाव बघ गं! एकेक अक्षर बघ!
तीनदा बघितल्याशिवाय सही करू नकोस!"
आत खिडकीपलीकडच्या बाईंनी
स्क्रीन माझ्याकडे फिरवला.
गायखे. मी तीनदा बघितलं.
त्यांनी घड्याळाकडे बघितलं.

बाहेर आले तर प्लास्टिकच्या खुर्च्या
ओळीने रिकाम्या,
आणि मॅडम त्यांच्याकडे पाठ करून उभ्या,
हाताची घडी, जशा कोर्टाच्या कडेला असतात.
"झालं?"
झालं.
"अम्मानला," त्या चालता चालता म्हणाल्या,
"पाचही मॅच मी एकदाही बसले नाही.
रेफ्रीने सांगितलं, बसा. म्हटलं, पुरे झालं बसून."

बसमध्ये एकच जागा होती.
तिथे त्यांनी मला ढकललं
आणि स्वतः वरचा दांडा न धरता
पाय फाकवून, गुडघा जरासा वाकवून उभ्या राहिल्या,
समोर कुणी बॉल घेऊन येत असावं तशा.
बंडगार्डनच्या वळणावर अख्खी बस कलली,
कंडक्टरसुद्धा.